बाहेरचा तो चोर, हा कायदा कुणाचा?

रेल्वे स्थानकावर पाकीट मारले गेले, बंद घर फुटले, एखाद्या अजाण मुलीवर अत्याचार झाला, की आपल्या शहरात तपासाच्या आधीच निकाल लागतो. 'बाहेरचा असणार!' पंचनामा व्हायचा असतो, साक्षीदार मिळायचा असतो, बोटांचे ठसे घ्यायचे असतात. परंतु नाक्यावर, लोकलच्या डब्यात, वृत्तवाहिन्यांच्या पडद्यावर आणि पुढाऱ्यांच्या भाषणात आरोपी निश्चित झालेला असतो. त्याचे नाव ठाऊक नसते, प्रांत मात्र ठाऊक असतो. स्थलांतर वाढले म्हणून गुन्हे वाढले, असे सरळसोट गणित मांडून प्रस्थापित राजकारण मोकळे होते. हे गणित तपासून पाहणे आंबेडकरी चळवळीचे कर्तव्य आहे. कारण 'बाहेरचा' या शब्दाच्या जागी कित्येक पिढ्या आपलेच नाव लिहिलेले होते.

मुंबईचाच इतिहास पाहा. १९६६ नंतर इथे दाक्षिणात्य माणूस शत्रू ठरला. १९९८ च्या जुलैत जरीकाम करणाऱ्या बंगाली भाषक मुस्लिम कारागिरांना बांगलादेशी ठरवून रेल्वेने सीमेकडे रवाना करण्यात आले. पश्चिम बंगालमध्ये उलुबेडिया येथे लोकांनी ती गाडी अडवली. २००८ मध्ये उत्तर भारतीय टॅक्सीवाले, फेरीवाले आणि रेल्वे भरतीच्या परीक्षेला आलेले तरुण यांना रस्त्यावर झोडपण्यात आले. जून २०२५ मध्ये महाराष्ट्रात पकडलेल्या पश्चिम बंगालच्या काही मजुरांना थेट सीमेपलीकडे ढकलले गेले आणि ते भारतीय नागरिकच असल्याचे दिसून आल्यावर परत आणावे लागले. दर पिढीला आरोपी बदलतो, आरोपपत्र तेच राहते: हे घाण करतात, हे गुन्हे करतात, हे आमचे खातात.

दुःखाची बाब अशी की, हे आरोपपत्र आता आपल्या वस्त्यांमधूनही वाचले जाऊ लागले आहे. पंचशीलेचा झेंडा लावलेल्या चौकात आपलाच बेरोजगार तरुण 'या भैय्यांनीच सगळी वाट लावली' असे म्हणतो. त्याची बेकारी खरी आहे, राग खरा आहे. रागाचा पत्ता मात्र चुकलेला आहे. त्याला विचारले पाहिजे की, बाबा रे, तुझा आजा या शहरात कुठून आला? कोकणातून, साताऱ्याकडून, नगर-नाशिककडून, मराठवाडा-विदर्भातून आपली माणसे गाठोडे बांधून आली. गोदीत, गिरणीत, रेल्वेत आणि नगरपालिकेच्या झाडूखात्यात राबली. गावकीचे महारकीचे काम टाकून शहर गाठणे हे आपल्या मुक्तीचे पहिले पाऊल होते. सुभेदार रामजी आंबेडकर साताऱ्याहून मुंबईत आले नसते, तर बाबासाहेबांचे शिक्षण कुठे झाले असते? अण्णा भाऊ साठे वाटेगावाहून मुंबईत आले नसते, तर मराठी साहित्य किती दरिद्री राहिले असते? गाव म्हणजे संकुचितपणाचे आणि अज्ञानाचे डबके आहे, हे बाबासाहेबांनी ४ नोव्हेंबर १९४८ रोजी घटना समितीत स्पष्ट शब्दांत सांगितले होते. स्थलांतराकडे आपण त्या नजरेने पाहिले पाहिजे.

आता 'फिरणारा माणूस म्हणजे गुन्हेगार' ही कल्पना या देशाच्या कायद्यात कशी शिरली ते पाहू. १८७१ साली इंग्रज सरकारने गुन्हेगार जमाती कायदा केला. त्यामागचा युक्तिवाद असा होता की, या देशात सुताराचा मुलगा सुतार आणि विणकराचा मुलगा विणकर होतो, त्याअर्थी गुन्हेगाराचा मुलगाही गुन्हेगारच होणार. म्हणजे इंग्रजांनी हा सिद्धांत विलायतेहून आणला नाही. मनूच्या दुकानातूनच उचलला आणि त्यावर कायद्याचा शिक्का मारला. पुढे हा कायदा आपल्या मुंबई इलाख्यालाही लागू झाला. बेरड, भामटा, कैकाडी, कंजारभाट, रामोशी, वडार, पारधी, छप्परबंद अशा जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरल्या. पोलीस पाटलाकडे हजेरी, गाव सोडायचे तर परवाना, परवान्याशिवाय आढळला तर तुरुंग. चोरी केलेली नसली तरी चालणे हाच गुन्हा. अण्णा भाऊंची 'फकिरा' ही १९५९ ची कादंबरी मांगांच्या अशाच हजेरीच्या अपमानाविरुद्ध पेटून उठते आणि ती बाबासाहेबांच्या लेखणीला अर्पण केलेली आहे, हा योगायोग नव्हे. सोलापुरात तारेच्या कुंपणात या जमातींना कोंडले गेले. त्या भागाला लोक अजून 'सेटलमेंट' म्हणतात. आपल्या भाषेचे तर विचारूच नका. एका जमातीचे 'भामटा' हे नाव मराठीत ठकासाठी वापरला जाणारा शब्द होऊन बसले आहे. पांढरपेशा लेखक तो शब्द सहज लिहितो आणि त्याला काहीच टोचत नाही.

३१ ऑगस्ट १९५२ रोजी हा कायदा रद्द झाला. पण कायदा गेला, नजर गेली नाही. 'गुन्हेगार जमाती'च्या जागी 'सराईत गुन्हेगार' हा शब्द आला. मुंबई राज्यात १९५९ साली त्यासाठी स्वतंत्र कायदा झाला. तुरुंगांच्या नियमावलीत तर 'भटकी जमात' हे शब्द संशयाचे कारण म्हणून स्वतंत्र भारतातही छापले जात राहिले. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी सुकन्या शांता विरुद्ध भारत सरकार या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तुरुंगातील जातीवर आधारलेले नियम घटनाबाह्य ठरवले, कैद्यांच्या नोंदवहीतील जातीचा रकाना काढण्यास सांगितले आणि विमुक्त जमातींच्या माणसांना मनमानीपणे अटक होता कामा नये, असे पोलिसांना बजावले. म्हणजे कायदा रद्द झाल्यावर बहात्तर वर्षांनी देशाच्या सर्वोच्च न्यायालयाला हे सांगावे लागले!

असा प्रश्न विचारला जाईल की, तुरुंगात एवढे गरीब, एवढे बाहेरचे लोक दिसतात ते कसे? याचे उत्तर न्यायालयाच्या आवारात रोज मिळते. पोलिसांना 'संशयित' हवा असतो, तेव्हा फ्लॅटच्या दारावर थाप पडत नाही; पालावर, पुलाखाली आणि बांधकामाच्या पत्र्याच्या खोलीवर पडते. सूर्यास्तानंतर 'संशयास्पद स्थितीत' आढळणे हा महाराष्ट्र पोलीस कायद्याच्या कलम १२२ खाली आजही गुन्हा आहे. ज्याला घर नाही, तो सूर्यास्तानंतर कुठे जाणार? पकडल्यावर जामीन मंजूर होतो, पण जामीनदार पाहिजे, तोही स्थानिक आणि ऐपतदार. घरपट्टीची पावती, रेशनकार्ड, पगाराची स्लिप किंवा सातबारा. बिहारच्या गवंड्याने पनवेलला सातबारा कुठून आणायचा? बीडच्या ऊसतोड मजुराने कर्नाटकात जामीनदार कुठून उभा करायचा? एकाच कलमाखालचे दोन आरोपी. ज्याचा चुलता नगरसेवक तो संध्याकाळी घरी जातो. ज्याचा चुलता चारशे कोसांवर आहे तो सहा महिने आत सडतो. मग तुरुंगातील माणसे मोजली जातात आणि जाहीर होते: पाहा, बाहेरचे किती गुन्हेगार आहेत!

हे दुखणे जुने आहे. १९७८ साली मोतीराम नावाच्या एका गवंड्याचा खटला सर्वोच्च न्यायालयात गेला. जामिनाचा आदेश झाला होता. दंडाधिकाऱ्याने दहा हजारांचा जामीनदार मागितला आणि सख्ख्या भावाचा जामीन नाकारला. कारण काय? भाऊ आणि त्याची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात! न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी या वृत्तीचे वाभाडे काढले. भारतीय माणूस भारताच्याच एका जिल्ह्यात परका कसा ठरतो, असा त्यांच्या निकालाचा रोख होता. मोतीरामला एक हजाराच्या जातमुचलक्यावर सोडण्यात आले. पुढे ३१ जानेवारी २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सांगितले की, स्थानिक जामीनदाराच्या हट्टामुळे सुटका लांबते, म्हणून ती अट घालू नये. तरीही तालुक्याच्या न्यायालयात 'लोकल शुअरिटी आणा' हे वाक्य रोज ऐकू येते.

आता आकड्यांकडे वळू. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या अहवालानुसार २०२२ अखेर देशाच्या तुरुंगांत ५,७३,२२० माणसे होती. त्यांतील ४,३४,३०२ कच्चे कैदी होते. म्हणजे चारपैकी तिघांवर कोणताही गुन्हा शाबीत झालेला नव्हता. या कच्च्या कैद्यांत सुमारे पाचवा हिस्सा अनुसूचित जातींचा आहे. २०११ च्या जनगणनेत आपले प्रमाण १६.६ टक्के होते. तुरुंगातील संख्येवरून जर प्रवृत्ती ठरवायची, तर उद्या हेच लोक म्हणतील की दलित जन्मतःच गुन्हेगार असतो. आपल्याला हा निष्कर्ष मान्य आहे काय? नसेल, तर तोच निष्कर्ष उत्तर प्रदेशच्या मजुराला आणि बंगालच्या कारागिराला लावताना जीभ अडखळली पाहिजे. परदेशी कैद्यांच्या बाबतीत आणखी एक चलाखी असते. कागदपत्रांशिवाय राहणे हाच परकीय नागरिकांच्या कायद्याखाली गुन्हा आहे. ज्याने कुणाची सुईसुद्धा चोरली नाही, तोही त्यामुळे 'गुन्हेगार' म्हणून मोजला जातो आणि तो आकडा चोऱ्या-दरोड्यांच्या चर्चेत वापरला जातो.

स्थलांतराने गुन्हे वाढत असते, तर हा देश केव्हाच जळून गेला असता. २०११ च्या जनगणनेप्रमाणे ४५ कोटींहून अधिक भारतीय, म्हणजे शंभरात सदतीस, स्थलांतरित आहेत. त्यांत सर्वांत मोठा वर्ग लग्न होऊन सासरी गेलेल्या बायकांचा आहे! दिल्लीहून पुण्याला आलेला संगणक अभियंताही स्थलांतरितच. त्यांना कुणी परप्रांतीय लोंढा म्हणत नाही. हा शब्द गरिबासाठी राखून ठेवलेला आहे. आणि स्थलांतर व गुन्हेगारी यांचा एक संबंध मात्र निखालस खरा आहे. हजारो कोटींच्या बँक कर्जांच्या आणि घोटाळ्यांच्या प्रकरणांत आरोपी असलेले विजय मल्ल्या २०१६ मध्ये आणि नीरव मोदी २०१८ मध्ये देश सोडून गेले. मुंबईच्या विशेष न्यायालयाने दोघांनाही फरार आर्थिक गुन्हेगार घोषित केले. या स्थलांतराविरुद्ध कुठल्या सेनेने रस्त्यावर उतरून कुणाला झोडपले?

जगाचा अनुभवही हाच आहे. अमेरिकेत दर पिढीत आयरिश, इटालियन, मेक्सिकन अशा आगंतुकांवर गुन्हेगारीचा शिक्का मारला गेला. तिथल्या विकरशॅम आयोगाने १९३१ सालीच या प्रश्नाचा अभ्यास करून सांगितले की, परदेशात जन्मलेल्यांचे गुन्ह्यांतील प्रमाण त्यांच्या लोकसंख्येच्या मानाने कमी आहे. १८७० पासूनच्या जनगणनांवर आधारलेल्या अलीकडच्या संशोधनातही, तिथे जन्मलेल्यांपेक्षा स्थलांतरित अधिक प्रमाणात तुरुंगात जातात, असे आढळले नाही. तरीही निवडणूक आली की तिथेही तीच ओरड होते. कारण भीतीवर मते मिळतात, आकड्यांवर मिळत नाहीत.

बाहेरचा माणूस गुन्हा करीतच नाही, असे आमचे म्हणणे नाही. करतो. कुठल्याही समाजातील माणूस करतो. ज्याने केला त्याला त्याच्या नावाने, पुराव्याने, न्यायालयात शिक्षा झालीच पाहिजे. वस्तीत गांजा विकणारा, आयाबहिणींची छेड काढणारा कुठल्या प्रांताचा आहे हे न पाहता त्याची तक्रार झालीच पाहिजे. एकाच्या कृत्याची शिक्षा त्याच्या जमातीला देणे हा मात्र न्याय नव्हे, ती जातिव्यवस्था आहे.

आणि बाहेरच्याचीच भीती बाळगणाऱ्यांना एक प्रश्न विचारतो. २९ सप्टेंबर २००६ रोजी खैरलांजीत भोतमांगे कुटुंबातील चौघांना ठेचून मारणारे कुठल्या गाडीने आले होते? ते त्याच गावचे, त्याच मातीतले, 'भूमिपुत्र' होते. २०२२ या एका वर्षात देशात अनुसूचित जातींवरील अत्याचाराचे ५७,५८२ गुन्हे नोंदले गेले. ते काय बिहारच्या पाणीपुरीवाल्यांनी केले? आपल्या माणसाला मारणारा बहुतेक वेळा त्याच्या बांधाला बांध लागलेला असतो. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात दहा जणांना गोळ्या घालणारे तर खाकी गणवेशातले होते. गावाहून आलेल्या माणसांनी वसवलेली ती वस्ती. बाबासाहेबांच्या पुतळ्याच्या विटंबनेने दुखावलेली तिथली माणसे मारली गेली आणि वर टँकर पेटवू पाहणारा जमाव म्हणून त्यांच्यावरच ठपका ठेवला गेला. बळीला गुन्हेगार बनवण्याची ही रीत आपल्याला नवीन नाही.

ही भीती पेरली की काय उगवते ते धुळे जिल्ह्यातील राईनपाड्याने दाखवले. १ जुलै २०१८ रोजी नाथपंथी डवरी गोसावी समाजाची पाच माणसे तिथे आली होती. बहुतेक सोलापूर जिल्ह्यातली, म्हणजे मराठीच, याच राज्यातली. मुले पळवणारी टोळी आल्याची अफवा मोबाईलवर फिरत होती. जमावाने त्या पाचही जणांना ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडून ठार मारले. १६ एप्रिल २०२० रोजी पालघरच्या गडचिंचले येथे चोर समजून दोन साधू आणि त्यांचा चालक मारले गेले. परक्याचा द्वेष एकदा मोकाट सुटला की तो भाषा पाहत नाही, प्रांत पाहत नाही. ओळखीचा नसलेला कोणताही माणूस त्याला पुरतो.

त्याच २०२० च्या टाळेबंदीत राज्यव्यवस्थेनेही आपला चेहरा दाखवला. शहराने काम थांबवले, मालकाने पगार थांबवला, रेल्वे बंद झाली. माणसे चालत निघाली, तर चालण्याबद्दल त्यांच्यावर गुन्हे दाखल झाले. ८ मे रोजी जालन्याहून निघालेले मध्य प्रदेशचे १६ मजूर करमाडजवळ रुळावर झोपेत मालगाडीखाली चिरडले गेले. ९ जूनला सर्वोच्च न्यायालयाला सांगावे लागले की, रस्त्याने चालत निघालेल्या मजुरांवरील आपत्ती व्यवस्थापन कायद्याखालचे खटले मागे घेण्याचा विचार करा. १८७१ चा परवाना आठवा. चालणे पुन्हा गुन्हा झाले होते!

बाबासाहेबांनी आपल्या आठवणींच्या टिपणाला 'वेटिंग फॉर अ व्हिसा' असे नाव दिले, याचा अर्थ आपण नीट लावला पाहिजे. स्वतःच्या देशात ज्याला प्रत्येक दारात प्रवेशपत्र मागितले जाते, अशा माणसाची ती कैफियत आहे. १९१७ साली परदेशातून शिकून बडोद्याला नोकरीवर रुजू झालेल्या बाबासाहेबांना शहरात खोली मिळेना. पारशी धर्मशाळेत पारशी नावाने राहावे लागले. अकराव्या दिवशी लाठ्या घेतलेला घोळका आला आणि त्यांना बाहेर काढले. आजच्या पोलिसी भाषेत सांगायचे तर ते कोण ठरले असते? खोटे नाव सांगून, जात लपवून राहणारा, स्थानिक पत्ता नसलेला संशयित इसम! त्या नजरेला त्यांची विद्वत्ता दिसली नाही. आज पत्र्याच्या खोलीत आपले नाव बदलून राहणाऱ्या मजुराचे दुःखही त्या नजरेला दिसत नाही.

म्हणूनच भारतीय संविधानाच्या कलम १९ ने देशभर फिरण्याचा आणि कुठेही स्थायिक होण्याचा हक्क दिला. काही जण बाबासाहेबांच्या १९४८ मधील भाषणाचा आधार घेतात. सरकारी नोकऱ्यांसाठी रहिवासाची अट असावी, असे ते घटना समितीत म्हणाले होते, हे खरे आहे. पण ती अट घालण्याचा अधिकार कलम १६ ने एकट्या संसदेला दिला, आणि तोही नोकरीपुरता. मुंबई महाराष्ट्राचीच, हेही त्यांनी ठामपणे मांडले. भाषेचा आणि नोकरीचा प्रश्न सनदशीरपणे मांडता येतो. त्यासाठी दुसऱ्याला जन्मजात चोर ठरवावे लागत नाही.

तथागतांनी तर अडीच हजार वर्षांपूर्वीच गुन्ह्याचे मूळ दाखवले. चक्कवत्ति सीहनाद सुत्तात राजा निर्धनांना धन देत नाही, म्हणून दारिद्र्य वाढते आणि दारिद्र्यातून चोरी वाढते. कूटदंत सुत्तात राजाला सल्ला मिळतो तो फाशी-कैदेचा नाही. शेतकऱ्याला बियाणे, व्यापाऱ्याला भांडवल आणि सेवकाला वेतन देण्याचा. आणि वसल सुत्त सांगते की माणूस जन्माने नीच ठरत नाही, कर्माने ठरतो. आधुनिक फौजदारी कायद्याचा पायाही हाच आहे.

शेवटी चळवळीच्या कार्यकर्त्यांसाठी काही कामाच्या गोष्टी. कोठडीत असलेल्या कोणत्याही माणसाला, मग तो कुठल्याही प्रांताचा असो, विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ खाली मोफत वकील मिळतो. तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे अर्ज करा. स्थानिक जामीनदाराचा हट्ट धरला गेला तर १९७८ चा आणि २०२३ चा आदेश दाखवून जातमुचलका मागा. पहिल्यांदाच आरोपी झालेल्या कच्च्या कैद्याने कमाल शिक्षेचा एक तृतीयांश काळ तुरुंगात काढला असेल, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४७९ चा लाभ त्याला मिळतो का ते तपासा. फाशी-जन्मठेपेचे गुन्हे त्यातून वगळलेले आहेत. आणि परराज्यातून आलेल्या दलितावर इथे अत्याचार झाला, तर 'तुमची जात आमच्या यादीत नाही' हे पोलिसांचे उत्तर ऐकून घेऊ नका. ॲट्रॉसिटी कायद्याचे संरक्षण मूळ राज्यापुरते मर्यादित नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०२३ मध्ये ठरवले आहे. त्या माणसाला हे ठाऊक नसते. त्याला ठाण्यात घेऊन जाणे आपले काम आहे.

आपल्या वस्तीच्या कडेला नव्याने उभ्या राहिलेल्या झोपड्यांत कोण राहते, याची चौकशी जरूर करावी. त्यांची मुले शाळेत जातात का, ठेकेदार मजुरी देतो का, पोलीस उगाच उचलतात का, ही ती चौकशी. ज्यांना एकेकाळी गावकुसाबाहेर ठेवले गेले, त्यांनी शहराच्या आत नवे गावकूस बांधायचे नसते.

जयभीम!